उल्लेखनीय कामगिरी

रकाना अकरावा : उल्लेखनीय कामगिरी.
खाली दोन ओळी, टिंबाटिंबांच्या.
मार्तंड लांभाते समोर बसलाय, हेल्मेट मांडीवर.
म्हणतो, ‘भिया, तुझं अक्षर बरं आहे, तूच भर.’

वीज कंपनीत लाइनमन तो, परदेशीपुरा झोन,
लीग सुटल्यापासून खांबांवर.
आता निरीक्षकाची जागा निघालीय,
खेळाडूंसाठी एक. अर्ज चाळीस.

लीगची नोंद मी काढून आणली.
एक पान, तेही अर्धं.
हंगाम तीन. सामने एकोणीस.
चढाया शून्य.
पकडी सात.
सातातल्या दोन माझ्या होत्या,
गुणलेखकाने घाईत त्याच्या नावावर टाकलेल्या.
हे मी त्याला कधी सांगितलं नाही.

डावा कोपरा माझा.
माझ्या उजव्या मुठीत त्याचं डावं मनगट,
बंद मिलच्या भोंग्याखाली, तेराव्या वर्षापासून.
त्या मैदानात तेव्हाही पडलो की
नाकात रुईची धूळ जायची.
मुंगी मास्तर बाकावरून ओरडत,
‘साखळीतला माणूस दिसला
तर समजा साखळी तुटली!’
मार्तंडने ते फारच मनावर घेतलं.

लिलावात त्याचं नाव चहानंतर आलं,
अर्धा हॉल रिकामा झाल्यावर.
मूळ किमतीला कुणीतरी पाटी वर केली,
बहुधा संख्या भरायची म्हणून.
त्या पैशात भमोरीच्या घरावर पत्र्याऐवजी स्लॅब पडला,
आईच्या खोलीत कूलर आला.
माझ्या पैशांचं काय झालं ते विचारू नका.

लोक चढाई करणाऱ्याला बघत,
मग माझी झेप, घोटा, शिट्टी,
मग मोठ्या पडद्यावर पुन्हा माझी झेप, सावकाश.
त्याआधीच्या अर्ध्या सेकंदात
कुणीतरी मनगट दाबलेलं असे.
एकदा : थांब.
दोनदा : जा.
मी कधी स्वतःहून गेलो असेन
तर आठवत नाही.

तिसरा हंगाम, उपांत्य फेरी, आम्ही तिघेच उरलेले.
शंभर किलोचा गडी मध्यरेषेकडे निघाला.
दोनदा दाब आला, मी गेलो.
मला घोटा मिळाला,
आणि तो सगळा गडी आडवा मार्तंडवर,
त्याच्या उजव्या गुडघ्यावर.
दोन गुण. दोन्ही माझे.
बक्षिसाची मोटारसायकल अजून माझ्याकडे आहे.
त्या चित्रफितीत, मी मूठ वर करून धावतो तेव्हा,
कडेला एक पाठ दिसते, चौकटीबाहेर सरकताना.
मुलाने एकदा विचारलं, ‘बाबा, हे कोण?’
मी म्हटलं, ‘आपलेच.’

‘काय लिहू?’
तो हेल्मेटचा पट्टा सोडतो, लावतो.
‘लिही, संघात होतो.’
‘एवढंच?’
‘आणि सात नको. पाच कर.
दोन तुझ्या होत्या.’

बाहेर भंगारवाल्याची आरोळी.
मी पेन झटकलं, उगाच. चालत होतं.
सातच लिहिले.
त्याने वाचलं, मान हलवली
आणि नवशिक्यासारखी गोल सही केली.
दुसरी ओळ तशीच राहिली, टिंबांची.

खांबावर तो डावा पाय आधी टाकतो, म्हणे.
उजवा मागून येतो, विचारत विचारत.
निरीक्षकाला खांबावर चढावं लागत नाही.
ही गोष्ट आम्ही दोघेही बोललो नाही.

निघताना हात मिळवला नाही त्याने,
मनगट धरलं, जुन्या जागी,
जिथे माझं घड्याळ असतं.
एकदा दाबलं.
मी वाट बघितली दुसऱ्याची.

जिन्याखाली त्याची स्कूटर.
उजव्या पायाची किक
तो उतरून, पलीकडून वळसा घालून
डाव्या पायाने मारतो.
पहिली गेली.
दुसरी गेली.
मी वरून बघतोय, कठड्याला धरून,
जाऊ की नको.